समरकंदची मार्गदर्शकासह एक दिवसाची सहल: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

समरकंद एका दिवसात पाहून होते का?

शहर पाहून होत नाही, परंतु त्याची मुख्य स्मारके नीट पाहून होतात. रेगिस्तान चौक, गूर-ए-अमीर ही तैमूरची कबर, बीबी खानुम मशीद, सियोब बाजार, शाह-ए-जिंदा आणि उलुग बेगची वेधशाळा ही सहा ठिकाणे सकाळी नऊपासून संध्याकाळी सहापर्यंतच्या वेळेत आरामात बसतात. त्यांत अफरासियाब संग्रहालय, दानियाल पैगंबरांची कबर आणि कोनीगील गावातील कागदाचा कारखाना यांची भर घातली, तर प्रत्येक ठिकाणी छायाचित्र काढून पुढे पळण्याची वेळ येते. त्यामुळे ज्या कार्यक्रमपत्रिकेत एका दिवसासाठी नऊ-दहा ठिकाणे छापलेली असतात, तिच्याकडे आम्ही संशयाने पाहतो. सहलीचे पैसे देण्यापूर्वी आयोजकाला एवढेच विचारावे, की यांपैकी कोणत्या ठिकाणी आत जायचे आहे आणि कोणती बसच्या खिडकीतून दाखवली जाणार आहेत.

ताश्कंदहून सकाळी निघून रात्री परत येता येते का?

येते. ताश्कंद आणि समरकंद यांच्यामध्ये ‘अफरासियाब’ नावाची वेगवान रेल्वेगाडी धावते आणि ती साधारण सव्वादोन तासांत पोहोचवते. रस्त्याने हेच अंतर सुमारे तीनशे किलोमीटर असून त्याला चार ते पाच तास लागतात, म्हणजे जाण्यायेण्यातच दिवस संपतो. गाडीची तिकिटे पासपोर्टवरील नावाने मिळतात आणि हंगामात लवकर संपतात, म्हणून त्यांचे आरक्षण विमानाच्या तिकिटाइतक्याच गांभीर्याने करावे. मूळ पासपोर्ट हॉटेलच्या तिजोरीत ठेवून येणाऱ्यांना स्थानकाच्या दारातूनच परत फिरावे लागते.

तरीही आमचा सल्ला समरकंदमध्ये एक रात्र मुक्काम करण्याचा आहे. संध्याकाळचे रेगिस्तान हा दिवसाचा सर्वांत सुंदर भाग असतो आणि परतीची गाडी पकडायची असल्यास नेमका तोच हातून निसटतो.

मार्गदर्शक खरोखरच हवा का? सगळी माहिती मोबाइलवर मिळते.

सनावळी मोबाइलवर मिळते. समरकंदमध्ये मार्गदर्शकाचे खरे काम वेगळे आहे, आणि ते म्हणजे डोळ्यांसमोरच्या भिंतीतले जुने किती आणि नवे किती हे दाखवून देणे. आज आपण जे झगझगीत निळे शहर पाहतो, त्याचा मोठा भाग विसाव्या शतकातील जीर्णोद्धाराचे काम आहे. १८९७ च्या भूकंपात बीबी खानुम मशिदीची मोठी पडझड झाली आणि तिचे घुमट व कमानी सोव्हिएत काळात व त्यानंतर पुन्हा उभ्या केल्या गेल्या. रेगिस्तानमधील उलुग बेग मदरशाचा एक मिनार कलला होता, तो १९३२ मध्ये अभियंत्यांनी सरळ केला. तिल्ला-कारी मदरशाचा निळा घुमट प्रत्येक छायाचित्रात दिसतो, परंतु एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीच्या छायाचित्रांत तो नाही, कारण तो सोव्हिएत जीर्णोद्धारकांनी चढवला.

हे कळल्यामुळे शहराचे मोल कमी होत नाही, असे आमचे मत आहे. उलट कोणत्या कोपऱ्यात थांबायचे ते समजते. म्हणून मार्गदर्शकाला सुरुवातीलाच सांगून ठेवावे: ‘मूळ काम जिथे असेल, तिथे आम्हांला थांबवा.’ जाणकार मार्गदर्शकाचा चेहरा या वाक्याने खुलतो. ज्याला केवळ पाठ केलेले बोलायचे असते, तो विषय बदलतो.

मार्गदर्शक कोणत्या भाषेत बोलतात?

इंग्रजी बोलणारे मार्गदर्शक सहज मिळतात. हिंदी बोलणारेही आहेत, कारण उझबेकिस्तानात हिंदीच्या अध्यापनाची परंपरा जुनी आहे आणि जुन्या हिंदी चित्रपटांवरचे प्रेमही, मात्र त्यांची संख्या कमी असल्याने आगाऊ मागणी करावी लागते. मराठी मंडळींचा गट असेल आणि सोबत मराठी सहल व्यवस्थापक असेल, तरीही स्थानिक मार्गदर्शक स्वतंत्र हवा. व्यवस्थापकाने जेवण, गाड्या आणि खोल्या सांभाळाव्यात. दोन्ही कामे एकाच माणसाने केली, की इतिहास सांगता सांगता त्याचे लक्ष घड्याळाकडे राहते.

ठिकाणांचा क्रम कसा असावा?

ऊन आणि गर्दी, या दोन्हींचा विचार करून. बहुतेक गट सकाळी थेट रेगिस्तानवर उतरतात. आम्ही सकाळची सुरुवात शाह-ए-जिंदापासून करतो. ती अरुंद गल्ली आहे, दोन्ही बाजूंना कबरींच्या इमारती आहेत आणि दोन गट समोरासमोर आले की पाय ठेवायला जागा उरत नाही. तिथून पायी किंवा गाडीने सियोब बाजार आणि त्याला लागूनच बीबी खानुम, मग जेवण. दुपारच्या उन्हात वेधशाळा, कारण तिथे चालणे कमी आहे आणि संग्रहालयाच्या इमारतीत सावली मिळते. चारच्या सुमारास गूर-ए-अमीर आणि शेवटी रेगिस्तान.

रेगिस्तानचे तीन मदरसे तीन बाजूंना असून चौथी बाजू मोकळी आहे. पश्चिमेकडील उलुग बेग मदरसा पूर्वाभिमुख असल्याने त्याच्यावर सकाळचे ऊन पडते, तर समोरच्या शेर-दोर मदरशावर ते दुपारनंतर येते. छायाचित्रणाची मनापासून आवड असलेल्यांनी सकाळी न्याहारीपूर्वी चौकाच्या मोकळ्या बाजूला एक फेरी मारून यावी.

रेगिस्तानमध्ये नेमके काय पाहायचे? लांबून तर तिन्ही इमारती सारख्याच दिसतात.

लांबून दिसतात खऱ्या, परंतु पहिल्या आणि दुसऱ्या इमारतीत दोनशे वर्षांचे अंतर आहे. उलुग बेगचा मदरसा १४१७ ते १४२० या काळातला. हा तैमूरचा नातू, राज्यकर्ता आणि खगोलशास्त्रज्ञ. त्याच्या मदरशाच्या दर्शनी कमानीवर ताऱ्यांची नक्षी आहे, ती पाहिल्याशिवाय आत जाऊ नये. शेर-दोर १६१९ ते १६३६ मध्ये सुभेदार यलंगतुश बहादूर याने बांधवला आणि समोरच्या मदरशाशी त्याची जोडी जुळावी असा त्याचा आग्रह होता. त्याच्या कमानीवर वाघासारखे पट्टे असलेले दोन सिंह पांढऱ्या हरणांच्या मागे धावताना दिसतात आणि प्रत्येकाच्या पाठीमागून मानवी चेहऱ्याचा सूर्य डोकावतो. धार्मिक वास्तूवर सजीवांची चित्रे आणि तीही इतकी ठळक, यामागे कोणता विचार होता यावर अभ्यासकांमध्ये आजही चर्चा चालते. आपल्या मार्गदर्शकाचे मत काय ते अवश्य विचारावे.

तिसरा तिल्ला-कारी, १६४६ ते १६६० चा. त्याच्या मशिदीत शिरल्यावर निळ्या पार्श्वभूमीवर सोन्याचे काम दिसते आणि मान वर केली की खोल घुमट दिसतो. प्रत्यक्षात ते छत सपाट आहे. नक्षीची वर्तुळे मध्याकडे जाताना लहान लहान होत जातात, म्हणून डोळा फसतो. बरोबर मध्याखाली उभे राहून पाहावे आणि मग चार पावले बाजूला सरकून पुन्हा पाहावे.

विद्यार्थ्यांच्या राहण्याच्या खोल्यांमध्ये आता दुकाने आहेत. काहींना ते खटकते, आम्हांलाही थोडे खटकते. पण त्या निमित्ताने आत डोकावून खोलीचा आकार पाहता येतो.

तैमूरने १३९८ मध्ये दिल्लीत कत्तल केली. त्याच्या कबरीवर आपण का जावे?

हा प्रश्न जवळजवळ प्रत्येक मराठी गटात कोणीतरी विचारतो आणि तो टाळण्यासारखा नाही. उझबेकिस्तानात तैमूर राष्ट्रपुरुष आहे. त्याचे पुतळे चौकाचौकांत आहेत. तिथल्या मार्गदर्शकाच्या कथनात दिल्लीचा उल्लेख एका मोहिमेपुरता येतो. आपल्या दृष्टीने ती मोहीम नव्हे, एका शहराचा विध्वंस होता, आणि बीबी खानुम मशीद पाहताना हे दोन इतिहास एकमेकांना भिडतात. दिल्लीहून परतल्यावर लगेच, १३९९ मध्ये, तैमूरने ही मशीद बांधायला घेतली. लूट आणि निरनिराळ्या देशांतून पकडून आणलेले कारागीर यांच्या बळावर ती १४०४ पर्यंत उभी राहिली आणि दगड वाहण्यासाठी भारतातून नेलेले हत्ती वापरले गेले. ती इतकी मोठी आणि इतक्या घाईने बांधली होती, की थोड्याच काळात तिच्या विटा निखळून पडू लागल्या.

मार्गदर्शकाशी वाद घालण्यासाठी नव्हे, परंतु हा भाग त्याच्याकडून ऐकण्यासाठी प्रश्न अवश्य विचारावा. आदराने विचारले तर उत्तरही मोकळेपणाने मिळते. ज्यांना कबरीच्या दालनात जायचे नसेल, त्यांनी अंगणात थांबावे, कोणी आग्रह करत नाही. मात्र वास्तुकलेची आवड असणाऱ्यांनी गूर-ए-अमीर चुकवू नये. कबरीची वरची प्रतिकृती दालनात आणि खरी कबर खाली तळघरात, ही मांडणी आपण ताजमहालात पाहिलेली असते. ती तैमूरच्या वंशजांबरोबर, म्हणजे मुघलांबरोबर, भारतात आली. भारतातील मुघल सत्तेचा संस्थापक बाबर वयाच्या पंधराव्या वर्षी, १४९७ मध्ये, समरकंद जिंकून बसला होता. ते त्याच्या हातून गेले, पुन्हा मिळाले, पुन्हा गेले. समरकंद टिकले नाही म्हणून तो काबूल आणि पुढे दिल्लीकडे वळला.

तैमूरच्या कबरीच्या शापाची गोष्ट खरी आहे का?

कबर उघडली गेली हे खरे आहे. मिखाईल गेरासिमोव या सोव्हिएत मानववंशशास्त्रज्ञाच्या सहभागाने जून १९४१ मध्ये ती उघडण्यात आली, सांगाड्यावरून तैमूर उजव्या पायाने लंगडा होता हे सिद्ध झाले आणि कवटीवरून त्याचा चेहरा घडवण्यात आला. २२ जूनला जर्मनीने सोव्हिएत संघावर हल्ला केला, त्यामुळे ‘कबर उघडणाऱ्यावर संकट कोसळेल’ ही दंतकथा पसरली. त्या हल्ल्याचा आदेश हिटलरने डिसेंबर १९४० मध्येच काढलेला होता, एवढे सांगितले की पुरे. याच तपासणीत उलुग बेगचे शिर धडावेगळे केले गेल्याचेही दिसले. त्याची हत्या १४४९ मध्ये स्वतःच्या मुलाच्या संमतीने झाली होती. दंतकथेपेक्षा ही हकिगत अधिक अस्वस्थ करणारी आहे, परंतु मार्गदर्शक ती क्वचितच आपणहून सांगतात.

तैमूरच्या कबरीवरील गडद हिरवा, जवळजवळ काळा दिसणारा दगड पाहावा. तो जेड जातीचा आहे. १७४० मध्ये नादिरशहाने तो उचलून नेला होता आणि त्या ओढाताणीत त्याचे दोन तुकडे झाले. दगडावरची भेग आजही स्पष्ट दिसते.

वेधशाळेत काही उरलेले नाही असे ऐकले. तिथे वेळ घालवावा का?

घालवावा, आणि घाई न करता. जमिनीवरची तीन मजली गोल इमारत उलुग बेगच्या हत्येनंतर नष्ट झाली आणि तिची जागासुद्धा विस्मरणात गेली. १९०८ मध्ये वसिली व्यात्किन या पुरातत्त्वज्ञाने ती शोधून काढली. उरले आहे ते जमिनीखाली: खडकात खोदलेला एक खोल चर आणि त्यात उतरत जाणाऱ्या, संगमरवर बसवलेल्या दोन समांतर वक्र पट्ट्या. हा सुमारे चाळीस मीटर त्रिज्येच्या प्रचंड कोनमापकाचा खालचा भाग आहे. माध्यान्ही वरच्या छिद्रातून आलेला सूर्यकिरण या पट्ट्यांवर कुठे पडतो, ते पाहून सूर्याची उंची मोजत असत. शाळेच्या कंपासपेटीतील कोनमापकावर एक अंश जेमतेम एका मिलिमीटरचा असतो. इथे एक अंश सुमारे सत्तर सेंटिमीटरचा आहे, त्यामुळे अंशाचे अगदी बारीक भागही वाचता येत. कठड्याजवळ उभे राहून पट्टीवर कोरलेल्या खुणा शोधाव्यात.

या कामातून १,०१८ ताऱ्यांची सारणी तयार झाली, जी १४३७ ची म्हणून ओळखली जाते. उलुग बेगने सायन वर्षाची, म्हणजे ऋतूंच्या एका पूर्ण आवर्तनाची, लांबी ३६५ दिवस, ५ तास, ४९ मिनिटे आणि १५ सेकंद अशी काढली. आजच्या मापनाशी तिचा फरक अर्ध्या मिनिटाहूनही कमी आहे. दुर्बिणीचा शोध तेव्हा लागलेला नव्हता. पुढे अठराव्या शतकात सवाई जयसिंहाने स्वतःची सारणी करताना उलुग बेगच्या सारणीचा आधार घेतला. जयपूरच्या जंतरमंतरमधील षष्ठांश यंत्र ज्यांनी पाहिले आहे, त्यांना अंधाऱ्या जागेत सूर्यकिरण पकडण्याची ती युक्ती इथे लगेच ओळखू येईल.

शाकाहारी प्रवाशांच्या जेवणाचे काय?

समरकंद हे मांसाहारी शहर आहे. इथला प्रसिद्ध पुलाव, ज्याला ओश किंवा प्लोव म्हणतात, तो मोठ्या कढईत मटण, गाजर आणि तांदूळ यांचे थर लावून शिजवतात. ‘वरचे तुकडे बाजूला काढून देतो’ असे उपाहारगृहात प्रेमाने सांगितले जाते, परंतु भात त्याच चरबीत शिजलेला असतो. भाज्यांच्या सूपातही बहुधा मांसाचे पाणी असते. ‘गोश्तसिझ’ म्हणजे ‘मांसाविना’ हा शब्द पाठ करून ठेवावा आणि पदार्थ मांसाशिवाय शिजवला आहे का, हे मार्गदर्शकाकरवी खात्रीने विचारून घ्यावे.

निर्धोक पदार्थांची यादी लहान असली तरी चांगली आहे: तंदुरातून निघालेला नान, टोमॅटो-कांद्याची अचिचुक कोशिंबीर, दही, लाल भोपळ्याचे सारण भरलेला सोमसा, फळे आणि सुकामेवा. समरकंदचा नान जाडजूड, चकचकीत आणि मध्ये नक्षीचा ठसा असलेला असतो. एक नान दोघांना पुरतो. तो टेबलावर पालथा ठेवू नये, तिथे ते अन्नाचा अपमान करणारे मानतात. शहरात वैद्यकीय शिक्षण घेणारे भारतीय विद्यार्थी मोठ्या संख्येने असल्यामुळे भारतीय जेवणाची उपाहारगृहेही आहेत आणि गटाची वरण-भात-भाजी आगाऊ सांगून ठेवता येते. कांदा-लसूण न खाणाऱ्यांनी आणि जैन प्रवाशांनी मात्र दुपारच्या जेवणापुरते ठेपले, दशम्या, भडंग असे काही जवळ बाळगावे.

मांसाहारी प्रवाशांनी ओश दुपारीच खावा. तो सकाळी चढवतात आणि चांगल्या ठिकाणी दुपारी दोनच्या पुढे कढई रिकामी झालेली असते.

ज्येष्ठ नागरिकांना हा दिवस झेपेल का?

रोज अर्धा-पाऊण तास चालणाऱ्यांना झेपतो. रेगिस्तान ते सियोब बाजार हा रस्ता फक्त पादचाऱ्यांसाठी आहे, परंतु त्यावर विजेवर चालणाऱ्या छोट्या गाड्या मिळतात. खरी अडचण शाह-ए-जिंदाच्या उंच, उभ्या पायऱ्यांची आहे. चढताना आणि उतरताना त्यांची संख्या सारखी मोजली गेली तर पापे धुऊन निघतात, अशी तिथे समजूत आहे, त्यामुळे पायऱ्यांवर थांबत, पुटपुटत चढणारे भाविक दिसतील. गुडघेदुखी असणाऱ्यांनी खालच्या प्रवेशद्वाराची कमान पाहून थांबले तरी चालेल. स्वच्छतागृहे बहुतेक ठिकाणी सशुल्क आहेत, म्हणून सुट्या नोटा जवळ असाव्यात.

शाह-ए-जिंदा येथे कोणता पोशाख असावा आणि काय पाहावे?

हे जागते तीर्थस्थान आहे. प्रेषित मुहम्मद यांचे चुलतभाऊ कुसम इब्न अब्बास यांची कबर इथे असल्याची श्रद्धा आहे. खांदे आणि गुडघे झाकलेले असावेत, महिलांनी ओढणी जवळ ठेवावी. कबरीपाशी कोणी प्रार्थना म्हणू लागले, तर आपणही क्षणभर थांबावे आणि कॅमेरा खाली ठेवावा.

पाहण्यासारखे पुष्कळ आहे, पण वेळ कमी असेल तर तैमूरच्या भाचीसाठी १३७२ मध्ये बांधलेली शादी मुल्क आकाची समाधी निवडावी. बाहेरच्या कमानीवरील फिरोजी रंगाच्या मातीच्या फरशा ओल्या असतानाच खोल कोरून मग भाजलेल्या आहेत. बाजूने पाहिले की त्यांची खोली दिसते, आणि नव्या, सपाट रंगवलेल्या फरशांपासून त्या वेगळ्या ओळखता येतात.

सहलीसाठी कोणता हंगाम चांगला?

एप्रिल-मे आणि सप्टेंबर-ऑक्टोबर. जून ते ऑगस्टमध्ये तापमान ३५ अंशांच्या वर जाते आणि चौकातील फरशी तापते. हिवाळ्यात बर्फ पडते, गर्दी नसते, मात्र दिवस लहान असल्याने एखादे ठिकाण वगळावे लागते. आपल्याकडील मे महिन्याच्या सुट्टीत जाणाऱ्यांनी महिन्याचा पहिला पंधरवडा निवडावा.

व्हिसा, पैसे आणि बक्षिसी यांबाबत काय लक्षात ठेवावे?

भारतीय पासपोर्टधारकांना इ-व्हिसासाठी अर्ज करता येतो. तो अधिकृत सरकारी संकेतस्थळावरूनच करावा. तिथले चलन सोम आहे. शंभर डॉलर बदलले की दहा लाखांहून अधिक सोम हाती येतात, त्यामुळे पहिल्या दिवशी शून्ये मोजण्यात सर्वांचीच तारांबळ उडते. परदेशी पर्यटकांसाठी स्मारकांची तिकिटे स्थानिकांपेक्षा महाग आहेत आणि ती सहलीच्या शुल्कात धरलेली आहेत की नाहीत, हे लेखी विचारावे. दिवसाच्या खर्चातील सर्वाधिक वाद याच एका मुद्द्यावरून होतात. बक्षिसी ऐच्छिक आहे. द्यायची असल्यास मार्गदर्शक आणि चालक यांना वेगवेगळी द्यावी.

खरेदीसाठी वेळ मिळतो का?

सियोब बाजारासाठी पाऊण तास ठेवलेला असतो. बेदाणे, जर्दाळू, बदाम आणि नवत नावाची खडीसाखर चाखून मगच घ्यावी, तिथे चाखणे हा रिवाज आहे. भाव करणेही अपेक्षित आहे, पण हसत. सुझानी या भरतकामाच्या कापडांत यंत्राचे काम हातकामाच्या भावात विकले जाते. कापड उलटे करून मागची बाजू पाहावी: हातकामात टाके थोडे असमान असतात आणि धाग्यांची टोके दिसतात. प्राचीन म्हणून दाखवल्या जाणाऱ्या वस्तूंपासून दूर राहावे, कारण जुन्या वस्तू परवानगीशिवाय देशाबाहेर नेता येत नाहीत.

दुसरा दिवस मिळाला तर काय पाहावे?

सकाळी अफरासियाब संग्रहालय. तेथील सातव्या शतकातील भित्तिचित्रांत समरकंदच्या सोग्दियन राजाच्या (सोग्दियन म्हणजे या प्रदेशातले प्राचीन लोक) दरबारी आलेले दूरदेशीचे राजदूत दिसतात. चिनी रेशीम हातांत घेतलेलेही. १२२० मध्ये मंगोलांनी उद्ध्वस्त केलेल्या जुन्या शहराचे ढिगारे संग्रहालयाच्या मागेच आहेत. त्यानंतर कोनीगील, जिथे तुतीच्या सालीपासून कागद बनवतात: साल उकळतात, पाणचक्कीवर कुटतात, चाळणीवर पसरतात आणि वाळलेला कागद शंखाने किंवा गोट्याने घोटून गुळगुळीत करतात. ज्यांना याऐवजी तैमूरचे जन्मगाव शहरीसब्झ पाहायचे आहे, त्यांनी पूर्ण दिवस राखून ठेवावा. मध्ये घाट आहे आणि गाडी लागण्याचा त्रास असणाऱ्यांनी पुढच्या आसनावर बसावे.